विकलेला माल परत घेतला जाणार नाही

आमच्या लहानपणी इंदूरच्या कापडबाजारात दुकानादुकानातून, लक्ष्मीच्या तसबिरीखाली, एक पाटी हमखास टांगलेली असे : ‘बिका हुआ माल वापस नहीं होगा’. त्या पाटीचे कोणास फारसे वाईट वाटल्याचे आम्हांस स्मरत नाही. कारण लुगडे घ्यावयास आलेली गृहिणी तासभर पोत चाचपून पाही, काठ उलटून पाही, आणि रंगाविषयी शंका आली म्हणजे ते लुगडे उचलून दाराशी उजेडात नेई. दुकानदारही त्यास हरकत घेत नसे. पारख आधी होई, पैसे मागाहून दिले जात. पाटीत अरेरावी होती हे खरे, परंतु तिच्यापाठीमागे निदान तो एक तास होता.

आज आमची मुले जी वस्तू सर्वांत हौसेने विकत घेतात तिला पोतही नाही आणि काठही नाही. संगणकावरील अथवा भ्रमणध्वनीवरील व्हिडिओ गेम ही ती वस्तू होय. विकणाऱ्यानेच तयार केलेली चार आकर्षक चित्रे आणि मिनिटभराची चित्रफीत पाहून पैसे द्यावयाचे, आणि मग वस्तू कशी आहे ते कळावयाचे. अशा व्यवहारात जुनी पाटी जशीच्या तशी टांगणे न्याय्य आहे काय, हा प्रश्न पोरखेळाचा म्हणून सोडून देता येईल असे आम्हांस वाटत नाही.

हा विचार आमच्या मनात एका विद्यार्थ्यामुळे आला. गेल्या वर्षी तो नववीत होता. दिवाळीत आजीने दिलेल्या पैशांतून त्याने वडिलांच्या खात्यावरून 449 रुपयांचा एक खेळ घेतला. वडिलांचा संगणक जुना. खेळ उघडताच पडदा काळा होई आणि काळाच राही. मुलाने दोन रात्री खटपट केली व नंतर तो गप्प बसला. पैसे परत मागता येतात हे त्याला ठाऊक नव्हते असे नाही. ‘मागायला कसेसेच वाटले,’ असे त्याने आम्हांस मागाहून सांगितले. आपल्याच चुकीने घेतले, आता कोणत्या तोंडाने मागावयाचे, असा त्याचा विचार! घरी ही गोष्ट उघड झाली तेव्हा मागण्याची मुदत केव्हाच उलटून गेली होती. भीड भिकेची बहीण असे आपल्यात म्हणतात. या मुलाच्या भिडेने आजीचे पैसे घालविले.

त्या मुलाला, आणि त्याच्यासारख्या पुष्कळांना, ही मुदत मुळात कोठून आली हे सांगणे आम्हांस अगत्याचे वाटते. ती कोणा दुकानदाराने आपण होऊन उदारपणे दिलेली नाही, असे आमचे मत आहे.

संगणकावरील खेळांचे एक फार मोठे दुकान म्हणजे अमेरिकेतील व्हॉल्व्ह या कंपनीचे ‘स्टीम’. ते 2003 साली सुरू झाले. पुष्कळ वर्षे त्याचा सर्वसाधारण नियम कापडबाजारातल्या पाटीचाच होता : पैसे परत मिळणार नाहीत. ऑस्ट्रेलियात या दुकानाची सुमारे बावीस लाख खाती होती. त्या देशाच्या कायद्याप्रमाणे सदोष वस्तूची किंमत परत मागण्याचा ग्राहकाचा हक्क कोणत्याही करारात काही लिहून काढून घेता येत नाही. तेथील स्पर्धा व ग्राहक आयोगाने ऑगस्ट 2014 मध्ये व्हॉल्व्हला न्यायालयात खेचले. आमचा कारभार अमेरिकेतून चालतो, तुमचा कायदा आम्हांला लागू नाही, शिवाय आम्ही विकतो ती ‘वस्तू’च नव्हे, असा कंपनीचा बचाव होता. मार्च 2016 मध्ये फेडरल न्यायालयाने तो अमान्य केला. ज्याच्याशी व्यापार करावयाचा त्याच्या देशाचा कायदा पाळला पाहिजे, आणि संगणकाची आज्ञावली ही त्या कायद्याच्या दृष्टीने वस्तूच आहे, असा निर्णय झाला. त्याच वर्षीच्या डिसेंबरात तीस लाख ऑस्ट्रेलियन डॉलरांचा दंड ठोठावण्यात आला. अडीच लाख पुरेत असे कंपनीचे म्हणणे होते! पुढे 2017 साली अपील फेटाळले गेले, आणि 2018 साली सर्वोच्च न्यायपीठाने पुढील दादही नाकारली.

आता एक तारीख ध्यानात घ्यावी. खटला न्यायालयात चालू असतानाच, जून 2015 मध्ये, व्हॉल्व्हने साऱ्या जगासाठी नवा नियम जाहीर केला : खरेदीपासून चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असल्यास, कोणत्याही कारणास्तव, पैसे परत मागता येतील. याला कोणी निव्वळ योगायोग म्हणेल. आम्ही म्हणणार नाही. त्यापूर्वी, 2013 साली, इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या दुसऱ्या बड्या कंपनीने आपल्या दुकानात काही खेळांपुरती अशी सवलत दिली होती हे खरे आहे. तिचा मान तिला द्यावा. तथापि सर्वांत मोठे दुकान हलले ते कायद्याचा हात खांद्यावर पडल्यानंतर, एवढे तारखांवरून स्पष्ट दिसते.

कोणी विचारील की पुस्तक घेऊन वाचल्यावर आवडले नाही म्हणून का कोणी परत करतो? मग खेळाचीच ही मिजास का? आक्षेप वजनदार आहे. त्याला आमचे उत्तर असे की, न आवडलेले पुस्तक निदान आपल्या हातात उरते. ते मित्राला देता येते, जुन्या बाजारात अर्ध्या किमतीस विकता येते. खेळ तबकडीवर मिळत तेव्हा त्यांचेही असेच होते. एक तबकडी साऱ्या आळीत फिरे. डिजिटल खेळाच्या बाबतीत वस्तू हाती येतच नाही, केवळ वापरण्याचा परवाना मिळतो, आणि तो सामान्यतः ना कोणास देता येतो, ना विकता येतो. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने तर 1 जानेवारी 2025 पासून असा कायदाच अंमलात आणला आहे की, केवळ परवाना देत असताना ‘विकत घ्या’ असे लिहावयाचे असेल, तर हा परवाना आहे हे गिऱ्हाइकास स्वच्छ सांगितले पाहिजे. आधी पाहता येत नाही आणि मागाहून विकता येत नाही. गिऱ्हाइकाच्या हातची दोन्ही जुनी साधने गेली, तेव्हा तिसरे तरी त्याला मिळावयास हवे की नाही?

शिवाय माल खरोखरच नासका निघू शकतो. पोलंडमधील सीडी प्रोजेक्ट या नामांकित संस्थेचा ‘सायबरपंक 2077’ हा खेळ 10 डिसेंबर 2020 रोजी प्रसिद्ध झाला. त्याची जाहिरात वर्षानुवर्षे चालली होती. परंतु जुन्या पिढीच्या खेळयंत्रांवर तो धड चालेना. आठवडाभराने सोनी कंपनीने तो आपल्या दुकानातून काढून टाकला आणि ज्यांना पैसे हवेत त्यांना ते परत देऊ केले. डागडुजी होऊन तो पुन्हा दुकानात आला तो जून 2021 मध्ये. इतक्या मोठ्या संस्थेच्या बाबतीत हे घडते, मग 449 रुपयांच्या खेळात दोष निघाला तर तो विकत घेणाऱ्याने लाजेने मान खाली का घालावी, हे आम्हांस कळत नाही.

येथवर आम्ही गिऱ्हाइकाची वकिली केली. आता दुसऱ्या एका मुलाविषयी लिहावयाचे आहे, आणि त्याच्याविषयी आम्हांस तितकी माया नाही.

हा मुलगा हुशार आहे. दोन तासांचा नियम त्याला तोंडपाठ आहे. लहान खेळ निवडावा, घड्याळ लावून पावणेदोन तासांत संपवावा, आणि ‘मजा आली नाही’ असे कारण देऊन पैसे परत घ्यावेत, असा त्याचा क्रम. मधल्या सुट्टीत त्याने ही युक्ती मित्रांना सांगितली तेव्हा सारे कौतुकाने हसले. आम्ही तेथेच उभे होतो. आम्हांस एमिका गेम्स या छोट्या निर्मात्याची गोष्ट आठवली. त्याचा ‘समर ऑफ ’58’ हा भयखेळ 2021 साली आला. तो दोन तासांच्या आत संपतो. खेळणारांनी तो पूर्ण केला, पुष्कळांनी चांगला अभिप्रायही दिला, आणि त्यांपैकी अनेकांनी पैसे परत घेतले! पुढील खेळ करावयास पैसाच उरला नाही, तेव्हा आपण अनिश्चित काळासाठी हे काम सोडत आहोत, असे त्या निर्मात्याने त्याच वर्षीच्या ऑगस्टात जाहीर केले. भरल्या ताटावरून तृप्त होऊन उठावयाचे आणि वर जेवण आवडले नाही म्हणून खानावळवाल्याला पैसे नाकारावयाचे, याला चातुर्य हे नाव आम्ही देणार नाही.

मात्र या मुलामुळे पहिल्या मुलाचा हक्क काढून घ्यावा, असेही आम्ही म्हणणार नाही. दोष थोडासा मापातही आहे. नव्वद मिनिटांच्या खेळाला आणि नव्वद तासांच्या खेळाला एकच दोन तासांची फूटपट्टी लावली की पहिल्याचा निर्माता बुडतो आणि दुसऱ्याचे गिऱ्हाईक. लांबलचक खेळात पहिला तास पात्राचे नाकडोळे ठरविण्यातच जातो. खेळ उघडा ठेवून मुलगा जेवावयास उठला तरी घड्याळ चालूच असते. पोलंडमधीलच जीओजी या दुकानाने 2020 साली निराळी वाट धरली : तीस दिवसांपर्यंत, खेळून पाहिलेला असला तरी, पैसे परत मागावेत, आणि या विश्वासाचा गैरवापर करू नये, अशी त्यांची विनंती आहे. हे आम्हांस अधिक शहाणपणाचे वाटते. व्हॉल्व्हनेही नियमाचा गैरफायदा घेणाऱ्यांना सवलत बंद करण्याचा अधिकार राखून ठेवलेला आहे, आणि तो योग्य आहे.

भ्रमणध्वनीवरील खेळांची तऱ्हा आणखी वेगळी. तेथे खेळ बहुधा फुकट असतो आणि पैसे आत गेल्यावर लागतात : तलवारीला, पोशाखाला, नाण्यांच्या थैलीला. येथे फसतात ती लहान मुले, आणि पैसे जातात आईबापांचे. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने जानेवारी 2014 मध्ये ॲपल कंपनीशी जो समझोता केला, त्यात किमान 3 कोटी 25 लाख डॉलर ग्राहकांना परत द्यावयाचे ठरले. एकदा परवलीचा शब्द दिला की पुढील पंधरा मिनिटे मूल वाटेल तितक्या वेळा खरेदी करू शके, आणि पालकांना त्याची कल्पनाही नसे. डिसेंबर 2022 मध्ये ‘फोर्टनाइट’वाल्या एपिक गेम्सने, ग्राहकांच्या परतफेडीसाठी, 24 कोटी 50 लाख डॉलर देण्याचे मान्य केले. एका चुकीच्या बटणाने खरेदी व्हावी अशी रचना, आणि बँकेकडे तक्रार करणाऱ्याचे खातेच बंद, असे त्या कंपनीवरील आरोप होते.

आपल्याकडे काय? ग्राहक संरक्षण कायदा, 2019 हा जुलै 2020 पासून लागू आहे, आणि त्यातील ई-कॉमर्सच्या व्याख्येत डिजिटल उत्पादनांचा स्पष्ट उल्लेख आहे. सदोष माल परत घेण्यास व पावतीवरील मुदतीत, मुदत लिहिलेली नसल्यास तीस दिवसांत, किंमत परत करण्यास नकार देणे ही अनुचित व्यापारी प्रथा होय, असे तो कायदा म्हणतो. कापडबाजारातल्या पाटीचे दात त्याने निदान सदोष मालापुरते पाडले आहेत. फसव्या बटणांसारख्या तेरा क्लृप्त्यांना मनाई करणारी मार्गदर्शक तत्त्वेही नोव्हेंबर 2023 मध्ये निघाली. 1915 या क्रमांकावर राष्ट्रीय ग्राहक साहाय्यवाणी आहे. अज्ञान मुलाने केलेला करार मुळातच रद्दबातल, हे तर 1872 च्या करार कायद्यावरून प्रिव्ही कौन्सिलने 1903 सालीच सांगितले आहे. पण खाते वडिलांचे असले की खरेदी कोणी केली याचा वाद उभा राहतो, आणि मग तो मोठा कायदा लहान घराच्या कामी येणे कठीण. म्हणून पालकांना आमची विनंती ही की, खरेदीपूर्वी दरवेळी परवलीचा शब्द मागितला जावा अशी तजवीज करावी, आणि चूक झालीच तर मुलाला बोलण्यात वेळ दवडू नये. गूगलच्या दुकानात पहिल्या अठ्ठेचाळीस तासांत अर्ज केल्यास पैसे परत मिळण्याचा संभव असतो. त्यानंतर बहुधा निर्मात्याचेच दार ठोठवावे लागते. रागावणे तिसऱ्या दिवशीही करता येईल.

आमचा पहिला विद्यार्थी आता दहावीत आहे. उन्हाळ्याच्या सुट्टीत त्याने पुन्हा एक खेळ घेतला, आणि तोही अर्ध्या तासात अडकून बसला. यावेळी तो दुसऱ्याच दिवशी आमच्याकडे आला. कंपनीला पाठवावयाचा इंग्रजी अर्ज त्याने लिहून आणला होता. मजकूर तपासून द्यावा अशी त्याची विनंती होती. मजकूर ठीक होता : तारीख, पावतीचा क्रमांक, दोष काय ते दोन ओळींत. फक्त त्या एवढ्याशा अर्जात त्याने तीन वेळा ‘सॉरी’ लिहिले होते. आम्ही ते तिन्ही शब्द खोडले आणि कागद त्याच्या हाती परत दिला.