रुईगाठीचे दुसरे टोक

साम्राज्याचा इतिहास म्हटला की लॉर्ड, तह आणि लढाया डोळ्यांपुढे येतात. इंग्लंडातल्या लेस्टर विद्यापीठात शिकवणारे प्रशांत किदंबी तो चाळीत, गटारात आणि क्रिकेटच्या मैदानावर शोधतात. 2007 च्या त्यांच्या पुस्तकात 1896 च्या प्लेगने हादरलेली मुंबई आहे आणि त्यानंतर तिथे पाडापाडी करणारा इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट. 2019 च्या ‘क्रिकेट कंट्री’त 1911 साली विलायतेला गेलेला पहिला अखिल भारतीय संघ आहे. कर्णधार पतियाळाचे महाराज. पण दौऱ्यात बळींची शंभरी ओलांडली ती दलित गोलंदाज पळवणकर बाळूने, ज्याला पुण्याच्या मैदानावर चहा बाहेर, वेगळ्या भांड्यात मिळे.

यवतमाळात बसून हे वाचताना एक नाव अडकते: किलिक निक्सन. मुंबईची ही पेढी दादरची कोहिनूर गिरणी चालवत होती आणि आमची यवतमाळ-मूर्तिजापूर ‘शकुंतला’ रेल्वेही. एका टोकाला वऱ्हाडातला कापूस वाहणारी गाडी, दुसऱ्या टोकाला गिरणीचा भोंगा. दादरच्या टोकावर आता कपाटभर पुस्तके आहेत. आमच्या टोकावर? लक्ष्मण सत्या यांनी वऱ्हाडातला कापूस आणि दुष्काळ यांवर 1997 साली नेटके पुस्तक लिहिले, पण ते 1900 ला थांबते. वणी जिल्ह्याचा ‘यवतमाळ’ झाला 1905 मध्ये. गाव शहर होऊ लागले ते त्यानंतर.

पुढचे आपण काय सांगतो? 1930 चा जंगल सत्याग्रह, लोकनायक बापूजी अणे. सांगायलाच हवे. पण कापसाच्या जिनात राबणाऱ्या बायांना रोज किती मिळे, बंड्या रिकाम्या झाल्यावर कास्तकाराच्या हातात अडत्या किती टेकवी, आणि त्यातले वणीच्या रंगनाथस्वामींच्या जत्रेत, शंकरपटावर, दंडारीत किती उडे, हे कोण लिहिणार? सत्याग्रहींच्या सभेला जमलेली गर्दी काही आभाळातून पडली नव्हती. ती याच बाजारातून आली होती.

शकुंतलेचेही आपण खेळणे करून टाकले. 1921 चे मँचेस्टरचे इंजिन, तिकिटे फाडणारा गार्ड, आणि दर दोन-चार वर्षांनी छापून येणारी ती बातमी की ही गाडी ‘अजून इंग्रजांचीच’ आहे. गाडीची कंपनी 1910 ची, मालकी केव्हाच देशी हातांत गेलेली. इंग्रज गेला, करार राहिला, हीच खरी गोष्ट आहे; पण तिच्यासाठी वह्या उघडाव्या लागतात, आठवणींवर भागत नाही.

इथली महाविद्यालये अमरावती विद्यापीठाची. इतिहासाच्या पीएच.डी.चे विषय ठरवणाऱ्यांनी एकदा जिनांच्या मालकांकडे, नगरपालिकेच्या अभिलेख खोलीत आणि बाजार समितीत विद्यार्थी धाडावेत. जुन्या जिनांच्या जागी ले-आउट पडू लागले आहेत. शेड पाडताना पत्रा, लोखंड, सागवान यांचा भाव आधी ठरतो. माळ्यावरची कीर्दखतावणी किलोवर जाते.