हंटरवाली आणि कोयता

रियाद वाडिया यांनी 1993 मध्ये ‘हंटरवाली’ नादियावर माहितीपट काढला आणि 1996 मध्ये आर. राज राव यांच्या कवितांवर ‘बॉमगे’ हा समलिंगी जीवनाविषयीचा प्रायोगिक लघुपट. स्त्रीचे शौर्य आणि समलिंगींची व्यथा एकाच दिग्दर्शकाला खुणावावी, यात नवल नाही. समलिंगी हे समाजाचेच अंग आहेत, हे सरसंघचालकांनीही 2023 मध्ये सांगितले. वाद तो नव्हेच! मुक्तीचा हा कॅमेरा महानगराची वेस मात्र क्वचितच ओलांडतो. श्रीगोंद्याच्या फडात ऊस तोडणाऱ्या स्त्रीची मजुरी नवऱ्यासह ‘एक कोयता’ म्हणूनच मोजली जाते. शेजारच्या बीड जिल्ह्यात 2019 मध्ये शासकीय समितीला 13 हजारांहून अधिक ऊसतोड स्त्रियांची गर्भाशये काढलेली आढळली. ही स्त्री पडद्यावर केव्हा येणार, याचे उत्तर महोत्सवांच्या आयोजकांनी द्यावे.