डॉलर चढला, मग पार्टी कधी?

रुपया घसरल्याची बातमी आली की मी माझ्या मैत्रिणीला मेसेज टाकायचे, 'पार्टी कधी?' ती चाकणच्या एका ऑटो पार्ट्स कंपनीत ट्रेझरी सांभाळते. माल सगळा एक्स्पोर्ट. डॉलर महाग म्हणजे कंपनीची चांदी, एवढं साधं गणित. मास कॉमवाल्यांचं गणित असंच असतं!

शनिवारी मात्र बाईसाहेबांनी कॉफी थंड होऊ दिली आणि टिश्यू पेपरवर माझी शिकवणीच घेतली.

समजा, वर्षाला 50 लाख डॉलर येणार. कच्चा माल इम्पोर्टेड, त्याचे 35 लाख जाणार. डॉलरमधल्या कर्जाचे हप्ते 10 लाख. हातात उरले 5 लाख. म्हणजे डॉलर 1 रुपयाने चढला तर फायदा 50 लाख रुपयांचा नाही, फक्त 5 लाखांचा. तोही पैसे येण्याजाण्याच्या तारखा जुळल्या तर. पेमेंट जूनमध्ये आणि वसुली डिसेंबरमध्ये असेल तर मधले सहा महिने कंपनी उघड्यावर. म्हणून ती तक्ता वर्षाचा नाही, महिन्यामहिन्याचा करते.

"आणि कर्जाचं उरलेलं मुद्दल?" तिनेच विचारलं. ते 40 लाख डॉलर. डॉलर 1 रुपयाने वाढला की कर्ज बसल्या जागी 40 लाख रुपयांनी फुगतं. पुढच्या ऑर्डर्समधून फिटेल की, मी म्हटलं. "त्या येणारच, असं कुणी लिहून दिलंय?"

मग तिने पुण्याच्याच सुझलॉनचं उदाहरण काढलं. 2007 मध्ये कंपनीने डॉलरमध्ये परिवर्तनीय रोखे काढले, तेव्हा डॉलर 40 च्या आसपास होता. शेअर वर गेला की रोखेधारक शेअरच घेतील, पैसे परत द्यायला नकोत, असा हिशोब. शेअर आपटला. ऑक्टोबर 2012 मध्ये सुमारे 20 कोटी 90 लाख डॉलर द्यायची वेळ आली, तेव्हा डॉलर 53 च्या घरात. जुन्या भावाने साधारण 835 कोटी, नव्या भावाने 1,100 कोटींच्या वर. पैसे देता आले नाहीत. दुखणं एकट्या रुपयाचं नव्हतं हे मान्य, पण कधी द्यावंच लागणार नाही म्हणून जे कर्ज कुणी मोजत नाही, तेच नेमकं दारात उभं राहतं.

व्याजाचं गणित त्यामानाने सरळ. फ्लोटिंग रेटचं 10 कोटींचं कर्ज असेल तर 1 टक्क्याला वर्षाचे 10 लाख. मे 2022 च्या सुरुवातीला रेपो 4 टक्के होता, फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहा. झाले 25 लाख!

आता दोन्ही एकदम घडलं तर? (2022 मध्ये घडलंच होतं.) डॉलर 5 रुपयांनी वर, व्याज अडीच टक्क्यांनी वर. एक्स्पोर्टचे 25 लाख आले, ते व्याजात गेले. कर्ज 2 कोटींनी वाढलं. आणि वर्षाचा नफा धरलाय 2 कोटीच. व्हॅल्यू ॲट रिस्कची फॉर्म्युलाबाजी मोठ्या बँकांना लखलाभ, मला तर हा टिश्यू पेपर पुरला.

निदान अर्ध्या कर्जाला तरी फॉरवर्ड कव्हर घ्या, असं ती दोन वर्षं सांगतेय. साहेबांचं ठरलेलं उत्तर, "कव्हरचा खर्च दिसतो, फायदा कुठे दिसतो?" मंगळवारी मीटिंग आहे. यंदाचे बोनस त्याच मीटिंगमध्ये ठरणार आहेत, तिचाही.

टिश्यू पेपर तिने घडी घालून पर्समध्ये ठेवला. बिल मी भरलं.