पाल्य आणि लेकरू

नांदेडला किंवा लातूरला पुस्तकांच्या दुकानात जाऊन "मुलांच्या संगोपनावर काही आहे का हो?" असं विचारलं, तर दुकानदार बहुधा दोन गठ्ठे पुढं करतो. एकात गर्भसंस्कार आणि बाळाची नावं. दुसऱ्यात अभ्यास कसा करावा, स्मरणशक्ती कशी वाढवावी, यशाची अमुक सूत्रं. म्हणजे लेकरू पोटात असतं तेव्हा सल्ला, आणि मग एकदम ते दहावीत जातं तेव्हा. मधली पंधरा वर्षं ते आपोआप वाढत असावं!

मधल्या वर्षांवर मराठीत लिहिलं गेलं नाही असं मात्र अजिबात नाही. उलट या बाबतीत आपण श्रीमंत आहोत. गिजुभाई बधेकांचं 'दिवास्वप्न' मराठीत आहे, 'तोत्तोचान' मराठीत आहे, शोभा भागवतांचं 'आपली मुलं' आहे. १९८७ साली पुण्यात सुरू झालेलं 'पालकनीती' मासिक आहे. ते पालकांना शहाणं करायला निघत नाही, त्यांच्याशी बरोबरीनं बोलतं, म्हणून मला आवडतं. (रविवारच्या पुरवण्यांतल्या समुपदेशकांच्या सदरांची गोष्ट वेगळी. तिथं दर आठवड्याला एका बंटीची आई येते आणि सातशे शब्दांत बंटी सुधारतो.)

माझी तक्रार ही पुस्तकं चुकीचं सांगतात अशी नाही. ती कुणाच्या घरात बसून सांगतात, याबद्दल आहे. त्या घरात आई-बाप दोघंही संध्याकाळी परत येतात. मुलाला स्वतःची खोली असते किंवा निदान कोपरा असतो. सगळे एकत्र जेवतात, म्हणून 'जेवताना टीव्ही बंद ठेवा' असं सांगता येतं. आमच्याकडच्या कितीतरी घरांत मुळात एकत्र जेवणंच दोन-तीन वर्षं बंद असतं, आणि तेही लेकराच्या भल्यासाठी.

नव्वदच्या दशकात दहावी-बारावीच्या गुणवत्ता यादीत लातूरची नावं एकामागोमाग झळकली आणि 'लातूर पॅटर्न' हा शब्द महाराष्ट्रभर गेला. जादा तास, सतत चाचण्या, प्रश्नपत्रिका पुन्हा पुन्हा सोडवून घेणं, असं त्याचं साधं स्वरूप. पुढं बोर्डाच्या गुणांची जागा सीईटीनं घेतली, मग नीटनं. लातूरचा ट्यूशन एरिया आणि नांदेडचं श्यामनगर-भाग्यनगर वाढत गेलं. मुखेड, देगलूर, कंधार, उदगीर, अहमदपूर, सगळीकडून लेकरं येऊ लागली. याला मी नावं ठेवत नाही. ज्या लातूरला २०१६ साली मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, तिथल्या कोरडवाहू शेतकऱ्याला लेकराची डॉक्टरकी हीच एक न आटणारी विहीर वाटली, तर त्याला पुण्या-मुंबईच्या माणसानं काय शिकवावं?

पण त्यासाठी घर कसं मोडून पुन्हा मांडलं जातं ते बघा. आई लातुरात खोली करून राहते. बाप गावाकडं, शेतीवर नाहीतर झेडपीच्या शाळेवर. त्याचा स्वयंपाक आजी करते. धाकटी बहीण आईबरोबर खोलीवर येते, म्हणजे भावाच्या नीटपायी तिची शाळा सातवीत बदलते. ज्यांना खोली परवडत नाही त्यांचं लेकरू होस्टेलात, आणि डबा गावाहून एसटीनं. बाप आठ-पंधरा दिवसांनी येतो, क्लासच्या बाहेर रस्त्यावर उभा राहतो, आणि लेकराशी तासभर बोलतो. टेस्टमध्ये किती पडले, जेवतोस का नीट, पैसे आहेत का.

आता पुस्तक उघडा. 'मुलांशी संवाद साधा. भेटल्याबरोबर मार्कांचा विषय काढू नका.' अगदी खरं आहे! पण त्या बापाच्या हाती दुसरा कुठला धागा उरलाय? फिजिक्स त्याला येत नाही. गावाकडचं काही सांगायचं नाही, अशी आईची सक्त ताकीद असते, लेकराचं मन विचलित होतं म्हणून. बोअर आटला ते सांगायचं नाही. बैल विकला ते सांगायचं नाही. काकांशी बांधावरून भांडण झालं ते तर नाहीच नाही. मग उरतं काय? मार्क आणि जेवण.

याची हद्द म्हणजे मरणाची बातमी. आजोबा गेले ते लेकराला परीक्षा संपल्यावर सांगितलं, अशी एकापेक्षा जास्त घरं माझ्या माहितीत आहेत. मे महिन्यात पेपर देऊन मुलगा गावी येतो, आणि ओसरीवरची बाज रिकामी दिसल्यावर त्याला कळतं. त्यातल्या एका मुलाला मी चांगलं ओळखतो. त्याचा नंबर लागला, तो आता डॉक्टर आहे, आई-वडिलांना जीव लावतो. पण या विषयावर तो घरी अजून एक शब्द बोललेला नाही. माझं मत स्पष्ट आहे: सांगायला हवं होतं. दहावा-तेरावा होईपर्यंत त्याला गावी ठेवायला हवं होतं, पंधरा दिवसांचा अभ्यास बुडला तर बुडला. मात्र आई-बाप निर्दय होते असं मी म्हणणार नाही. त्यांनी तो निर्णय रडत घेतला होता. त्या रात्री त्यांना सल्ला द्यायला कुणी नव्हतं. शेजारीपाजारी होते, ते "आता सांगू नका" एवढंच म्हणाले. 'मुलांशी खरं बोला' हे वाक्य पुस्तकांत सापडेल. पण परीक्षा दीड महिन्यावर, मूल शंभर किलोमीटरवर आणि घरात मयत असताना खरं कसं बोलायचं, ते मला अजून कुठल्या पुस्तकात दिसलेलं नाही.

आता कुणी म्हणेल, जाऊ द्या ती पुस्तकं, आमच्या आज्यांनी कुठं वाचली होती? हा युक्तिवाद मला अर्धाच पटतो. अमेरिकेतल्या डॉ. बेंजामिन स्पॉक यांचं बालसंगोपनाचं पुस्तक १९४६ साली आलं आणि जगभर खपलं. त्याच्या पन्नाशीच्या दशकातल्या आवृत्तीत बाळाला पालथं झोपवावं असा सल्ला आला आणि तो वर्षानुवर्षं टिकला. पालथं झोपवल्यानं झोपेत बाळ दगावण्याचा धोका वाढतो हे कळल्यावर नव्वदच्या दशकात 'उताणं झोपवा' अशा मोहिमा काढाव्या लागल्या. आमच्या आज्या झोळीत बाळाला उताणंच टाकत होत्या. पण त्याच आज्या बाळंतिणीचं पहिलं चिकाचं दूध पिळून टाकायला लावायच्या, आणि बाळाचं पोट फुगलं की बिब्ब्याचे चटके द्यायच्या. ते थांबलं ते डॉक्टरांमुळं, आरोग्यसेविकांमुळं आणि छापील माहितीमुळंही. तेव्हा आजी विरुद्ध पुस्तक ही कुस्ती मला लावायची नाही.

मला आठवतात त्या ताराबाई मोडक. गिजुभाईंबरोबर काम केलेल्या, बालशिक्षणावर भरपूर लिहिलेल्या. १९४५ साली त्या बोर्डीला गेल्या, पुढं कोसबाडला. तिथली आदिवासी मुलं बालवाडीत येईनात, तेव्हा पालकांना उपदेश करण्याऐवजी ताराबाई आणि अनुताई वाघांनी बालवाडीच उचलून पाड्यावरच्या अंगणात नेली. गुरं राखणाऱ्या मुलांसाठी कुरणशाळा काढली. घर जसं होतं तसं धरून त्यांनी आपलं शास्त्र बदललं. १९७५ साली सरकारी योजना आली तेव्हा तिच्या केंद्रांना अंगणवाडी हेच नाव मिळालं.

आमच्या खोलीवर राहणाऱ्या घरांना असं कुणी भेटलेलं नाही. भाषेपासूनच बघा ना. पुस्तकात 'पाल्य' असतो. हा शब्द आमच्याकडं फक्त शाळेच्या फॉर्मवर येतो. घरात असतं ते लेकरू, आणि बारावीतल्या सहा फुटी पोरालाही माय लेकरूच म्हणते. 'पाल्याच्या भावनिक गरजा' असं वाचलं की तिला वाटतं हे दुसऱ्या कुणाबद्दल चाललंय, आणि ती निमूटपणे यशाच्या सूत्रांचं पुस्तक उचलते. त्यात निदान तिच्या लेकराची परीक्षा तरी असते.

कुणी आमच्याकडचं पुस्तक लिहायला घेतलंच तर त्यात वाईट बातमी कशी सांगावी यावर एक प्रकरण हवं. बापाच्या त्या तासाभरावर एक हवं. खोलीवर एकट्या पडलेल्या आईवर एक, कारण तिथं तिला ना शेजार ना शेत. आणि सातवीत शाळा बदललेल्या त्या बहिणीवर एक मोठं प्रकरण हवं; 'दोन भावंडांत तुलना करू नका' एवढ्यावर तिचं भागणार नाही. मजकूर गोळा करायला फार हिंडायला नको. रविवारी संध्याकाळी लातूरहून अहमदपूर-लोहामार्गे नांदेडला जाणारी एसटी धरायची आणि लेकरांना भेटून परतणाऱ्या आई-बापांच्या शेजारी बसायचं. अहमदपूर यायच्या आत ते आपणहून बोलायला लागतात.