बांधावरच्या मुंग्यांचे पेव

बांधाच्या कडेला किंवा खळ्याजवळच्या कडक जमिनीत बोटभर भोक आणि त्याच्याभोवती बारीक भुश्याचे कडे तुम्ही पाहिले असेलच. तो भुसा चिमटीत धरून पाहा. गवताची टरफले मिळतील, एखादे वेळी बाजरीचा कोंडाही मिळेल. भरलेला दाणा मात्र क्वचितच. दाणा खाली गेला. हे घर धान्य साठवणाऱ्या मुंग्यांचे.

भोकातून उतरणाऱ्या वाटेला खाली फाटे फुटतात आणि फाट्यांना लागून लहान सपाट खोल्या असतात. काहींत पिल्ले, काहींत दाणे. आपले आजोबा जमिनीत पेव काढून ज्वारी ठेवीत, तोच हिशेब. मोठ्या मुंगीला घट्ट अन्न गिळता येत नाही. तिची कंबर इतकी बारीक की पातळ तेवढेच पुढे जाते. म्हणून दाणा चावून त्याचा लगदा होतो आणि तो पिल्लांना भरवला जातो. काही जातींत मोठ्या डोक्याच्या मुंग्या दिसतात. लोक त्यांना शिपाई म्हणतात, पण ते डोके जबड्याच्या स्नायूंनी भरलेले असते आणि कठीण दाणा फोडायला ते कामी येते. शिपाई म्हणा की गिरणीवाल्या! आणि हो, रांगेत दिसणाऱ्या त्या सगळ्या माद्याच. अंडी घालणारी राणी आत खोल असते.

पेवाला ओल लागली की दाणा मोडतो, हे तुम्हांला सांगायला नको. मुंग्यांचाही तोच घोर. १८२९ साली विल्यम साइक्स या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने पुण्यात पाहिले की पाऊस पडून गेल्यावर मुंग्यांनी गवताचे बी बाहेर काढून उन्हात पसरले आहे. चक्क वाळवण! त्या काळी युरोपातले विद्वान म्हणत, मुंगी धान्य साठवते ही जुन्या लोकांची भाबडी समजूत. पांढरे कोष तोंडात धरलेले पाहून त्यांना ते दाणे वाटले असतील. त्यांच्या थंड मुलखातल्या मुंग्या साठवण करीत नाहीत, म्हणून त्यांना तसे वाटले. साइक्सने पुण्याच्या त्या मुंगीचे वर्णन १८३५ साली छापले. आपल्या बायाबापड्यांना हे आधीपासून ठाऊक असणार, पण त्यांना विचारतो कोण?

पावसाळ्यात पंख फुटलेले नर आणि राण्या बाहेर पडतात. जोडी जमली की नर मरतो, राणी पंख टाकून देते आणि एकटीच जमिनीत शिरते. पहिली पिल्ले ती अंगातल्या साठ्यावर पोसते. दिव्याभोवती पडणारी पाखरे मात्र पुष्कळदा वाळवीची असतात. वाळवीचे चारही पंख सारखे आणि कंबर जाड. मुंगीचे पुढचे पंख मोठे आणि कंबर बारीक. एवढे पाहिले की ओळख पटते.

आता तुमचा प्रश्न. या मुंग्या बी नेतात, मग मारायच्या का? पाभरीने पेरून मातीआड गेलेले बी त्यांना सहसा सापडत नाही. नुकसान होते ते फोकलेल्या बियांचे आणि रोपांसाठी केलेल्या वाफ्यांचे. तीळ, नाचणी, भाजीचे बारीक बी वर उघडे राहिले तर रांग लागलीच म्हणून समजा. तेव्हा वाफा भोकापासून दूर करा, बी टाकल्याबरोबर बारीक माती किंवा चाळलेले शेणखत पसरून हाताने दाबा. खळ्यावरची रास रात्रभर उघडी ठेवू नका.

विषारी भुकटी ओतण्याची घाई मात्र नको. पूर्वी घरोघर बीएचसीचा डबा असे. १९९७ साली आपल्या देशात त्यावर बंदी आली. दुसरी कोणतीही भुकटी खळ्याजवळ टाकली तरी ती धान्यात मिसळायची भीती असतेच, कोंबड्याही तिथेच टिपतात, पोरेही तिथेच खेळतात. शिवाय वरच्या मुंग्या मरतात आणि खोलवरची राणी बहुधा वाचते. बांधावरच्या भोकाला हात न लावणे बरे. त्यांच्या साठ्यात जास्त करून गवताचेच बी असते, आणि ते जितके खाली जाईल तितकी तुमची खुरपणी कमी.

पावसाळा सरताना एखादी मोठी सर येऊन ऊन पडले, की तिकडे एक फेरी मारा. मुलांनाही न्या.