खासगी कुणाचं?

"आमच्यात काय लपवायसारखं आहे?"

कोल्हापुरात प्रायव्हसीचा विषय काढला की हे उत्तर हमखास येतं. आणि त्यात खोटं काही नाही. आमच्या पेठांमध्ये रविवारी कुणाच्या घरी मटण शिजतंय, कुणाच्या पोरीला बघायला पाहुणे आलेत, कुणाचा सोसायटीचा हप्ता थकलाय, हे सगळ्या गल्लीला ठाऊक असतं. त्यामुळे प्रायव्हसी म्हणजे फ्लॅटची दारं लावून बसणाऱ्यांचं इंग्रजी खूळ, अशी आपली सर्वसाधारण समजूत.

पण मला वाटतं, यात एक गफलत आहे. गल्लीचं ते 'माहीत असणं' दुतर्फा असतं. शेजारच्या काकूंना माझं माहीत, तर मलाही त्यांचं माहीत. त्यांनी माझं चारचौघांत उघडं केलं, तर उद्या नळावर त्यांना माझं तोंड बघायचं असतं. या परस्परांच्या धाकावरच गल्ली टिकते. आता बघा, आपला आधार नंबर, मोबाईल, बँकेचं खातं, बोटाचे ठसे ज्यांच्याकडे जमा झालेत, त्यांचं आपल्याला काय माहीत आहे? काहीच नाही. ते आपल्याला बघतात, आपण त्यांना बघू शकत नाही. काचेच्या खोलीत एकटे आपणच.

'खासगी' हा शब्दही गमतीचा आहे. संस्थानी कारभारात खासगी खातं असायचं. खासगी म्हणजे राजाचं स्वतःचं, राजघराण्याचं. रयतेला कसली आलीय खासगी? तिची जमीन, तिची जात, तिचा सारा, सगळं दप्तरात नोंदलेलं. संस्थानं गेली, प्रजेचे नागरिक झाले. पण खासगी नेमकी कुणाची, हा प्रश्न अजून सुटलाय असं वाटत नाही.

साधं उदाहरण घेऊ. अंबाबाईच्या दर्शनाला बाहेरगावची माणसं येतात, लॉजवर उतरतात. काउंटरवर पहिली मागणी आधारच्या झेरॉक्सची. काही ठिकाणी तर "काका, फोटो काढून व्हॉट्सॲपला टाका की" म्हणतात. म्हणजे अख्ख्या कुटुंबाची कार्डं काउंटरवरच्या पोराच्या स्वतःच्या मोबाईलमध्ये. पोरगं नोकरी सोडून गेलं की कार्डंही त्याच्याबरोबर गेली. उतरणाऱ्याची ओळख पटवणं लॉजवाल्याला भागच आहे, पोलिसांचा नियम असतो. पण ओळख पटवणं वेगळं आणि कार्ड ठेवून घेणं वेगळं. हा फरक खुद्द आधार प्राधिकरणाच्या बंगळुरू कार्यालयाने २७ मे २०२२ रोजी सांगितला होता. हॉटेलं, चित्रपटगृहं अशा परवाना नसलेल्या खासगी ठिकाणांना आधारची प्रत घेण्याचा किंवा ठेवण्याचा अधिकार नाही, असं ते पत्रक म्हणत होतं. लोक दचकले. चर्चा झाली. आणि २९ तारखेला केंद्र सरकारने, गैरसमज होऊ शकतो म्हणून, पत्रक मागे घेतलं! नागरिकांनी नेहमीची सावधगिरी बाळगावी, एवढाच सल्ला उरला. थोडक्यात, जबाबदारी पुन्हा आपल्याच गळ्यात.

कागदपत्रांना संरक्षण हवं, ही मागणी काही मोबाईलबरोबर आलेली नाही. १९२० साली माणगावच्या परिषदेत शाहू महाराजांनी ज्या तरुणाला पुढचा नेता म्हणून गौरवलं, त्या बाबासाहेब आंबेडकरांनी १९४७ मध्ये 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' हे निवेदन लिहिलं. माणसाचा देह, घर, कागदपत्रं आणि चीजवस्तू यांची विनाकारण झडती वा जप्ती होऊ नये, अशी तरतूद त्यांनी त्यात मागितली होती. गावकुसाबाहेरच्या माणसाच्या घरात केव्हाही कुणीही शिरू शकतं, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? कन्हैयालाल मुन्शींच्या मसुद्यातही असंच कलम होतं. पण पोलिसांच्या तपासाला अडचण होईल अशी हरकत निघाली आणि ते राज्यघटनेत आलं नाही. पुढे १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नेमकं याच अभावावर बोट ठेवलं. घटनाकारांनी असं कलम घेतलेलं नाही, मग आम्ही ते ओढूनताणून कशाला आणू, असा त्या निकालाचा सूर होता.

ते बदलायला २०१७ साल उजाडलं. के. एस. पुट्टस्वामी या कर्नाटकातल्या निवृत्त न्यायमूर्तींनी वयाच्या ऐंशीनंतर आधारविरुद्ध याचिका केली होती. त्यातून निघालेल्या प्रश्नावर २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायाधीशांनी एकमताने सांगितलं की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. यातलं मुख्य निकालपत्र धनंजय चंद्रचूड यांचं. आणीबाणीतल्या ज्या कुप्रसिद्ध निकालात त्यांचे वडील यशवंतराव चंद्रचूड सहभागी होते, तो १९७६ चा निकाल मुलाने याच निकालपत्रात चुकीचा ठरवला. आपल्याकडे एवढा स्वच्छ हिशोब क्वचितच होतो.

हक्क मिळाला, मग कायदा हवा. तो २०२३ मध्ये आला. डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण अधिनियम असं त्याचं भलं मोठं नाव. माहिती घेण्याआधी संमती हवी, कशासाठी घेताय ते सांगायला हवं, मागितलं तर सूचना मराठीतही द्यायला हवी, काम झालं की माहिती पुसायला हवी. निष्काळजीपणाला २५० कोटी रुपयांपर्यंत दंड. वाचायला छान वाटतं. पण बारकावे बघा. कायदा फक्त डिजिटल माहितीला लागू. लॉजच्या फाइलीतली कागदी झेरॉक्स स्कॅन होत नाही तोवर त्याच्या कक्षेबाहेर. दंड जाणार सरकारच्या तिजोरीत, ज्याची माहिती फुटली त्याला भरपाई नाही. आणि सरकारला वाटेल त्या सरकारी यंत्रणेला या कायद्यातून सूट देता येते.

एवढ्यावर भागलं असतं तरी मी म्हटलं असतं, असो, सुरुवात तर झाली. पण खरी गंमत पुढे आहे. नोव्हेंबर २०२५ मध्ये नियम आणि अधिसूचना निघाल्या. संमती, सूचना, माहिती पुसणं ही जी कलमं आपल्या कामाची, त्यांना अठरा महिन्यांनंतरची, म्हणजे मे २०२७ ची मुदत. कंपन्यांना तयारीला वेळ हवा, हे समजू शकतो. मात्र याच कायद्यातलं एक कलम ताबडतोब लागू झालं. ते होतं माहिती अधिकार कायदा बदलणारं.

२००५ च्या माहिती अधिकार कायद्यात कलम ८(१)(ञ) आहे. सार्वजनिक कामाशी संबंध नसलेली वैयक्तिक माहिती देऊ नका, पण व्यापक लोकहित असेल तर द्या, आणि जी माहिती विधिमंडळाला नाकारता येत नाही ती सामान्य माणसालाही नाकारू नका, असं ते सांगत होतं. मोठा समतोल होता त्यात. आता उरलंय एवढंच: वैयक्तिक माहिती असेल तर देण्याचं बंधन नाही. आता रस्त्याच्या ठेकेदाराचं नाव वैयक्तिक. घरकुलाच्या यादीतला लाभार्थी वैयक्तिक. अधिकाऱ्याची मालमत्ता तर वैयक्तिक आहेच. कलम ८(२) मधली लोकहिताची वाट अजून शिल्लक आहे, असं सरकार म्हणतं, आणि ते खरंही आहे. पण तालुक्याच्या कार्यालयात बसलेल्या माहिती अधिकाऱ्याला नकाराचं सोपं कारण हातात दिल्यावर तो अवघड वाट कशाला धरेल?

आणि दुसऱ्या बाजूला काय? लाडकी बहीण योजनेच्या दीड हजार रुपयांसाठी बायकांनी आधार, बँक पासबुक, रेशनकार्ड, सगळं सेतू केंद्रावर नाहीतर ओळखीतल्या पोराच्या मोबाईलवरून भरलं. २०२५ मध्ये पुन्हा ई-केवायसी, पुन्हा ओटीपी. त्यांना कुणी विचारलं नाही की बाई, तुझं खासगी काही आहे का? मात्र उद्या त्यांच्यातल्याच एकीने विचारलं, आमच्या गावात बोगस नावं कुणाची आहेत, तर उत्तर मिळू शकतं: वैयक्तिक माहिती आहे.

माझा आक्षेप खासगीपणाला नाही. उलट तो दुबळ्याला जास्त हवा. विधवा बाईचं खातं, रोग्याचा रिपोर्ट, पोरीचा मोबाईल नंबर हे झाकलंच पाहिजे. पण सार्वजनिक पैसा आणि सार्वजनिक खुर्ची यांना खासगीचं पांघरूण मिळू लागलं, तर आपण पुन्हा संस्थानी दप्तराकडे निघालो म्हणायचं. माहिती अधिकार ही गल्लीतल्यासारखी दुतर्फा नजर होती. तुम्ही मला बघता, तर मीही तुम्हाला बघणार. ती नजर अधू करून मिळालेला खासगीपणा माझ्या कामाचा नाही.

१८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सीपीआरसमोरच्या जुन्या इमारतीत सुरू झालंय. हक्कासाठी आता मुंबईची रात्रीची गाडी पकडायला नको. या दोन्ही हक्कांचा झगडा कधीतरी तिथेही पोचेल, पोचावा.

तोवर आपल्या हातात आहे तेवढं करूया. लॉजवर गेलात तर शेवटचे चार आकडेच दिसणारं मास्क्ड आधार दाखवा. झेरॉक्स द्यावीच लागली तर तिच्यावर तारीख आणि कारण लिहा. कुणी "सगळेच देतात की" म्हणालं, तरी कशाला हवी आणि किती दिवस ठेवणार, एवढं विचारा. आणि माहितीचा अर्ज टाकताना त्यात लोकहित काय आहे ते लिहून कलम ८(२) चा उल्लेख आठवणीने करा.