हस्तरची भूक

भुताखेतांचा सिनेमा पाहिला की पोरे चार दिवस रात्री अंगणात जायला भितात आणि पाचव्या दिवशी विसरतात. 'तुंबाड' मात्र लोक विसरले नाहीत. राही अनिल बर्वे यांचा हा हिंदी चित्रपट 2018 साली आला तेव्हा बेताचाच चालला. सप्टेंबर 2024 मध्ये तो पुन्हा लागला आणि पहिल्या खेपेपेक्षा जास्त कमाई करून गेला. गाव कोकणातले, पण गोष्ट आपल्याही दारातली आहे.

त्यातला राक्षस हस्तर हा देवीचा थोरला लेक. त्याला सोनेही हवे होते आणि धान्यही. सोने हाती लागले. धान्याला हात घालताच बाकीच्या देवांनी त्याला गाठले. तेव्हापासून त्याच्या लंगोटात सोन्याच्या मोहरा आहेत, पण पोटात कण नाही. विनायक कणकेची बाहुली टाकून त्याला गुंतवतो आणि मोहरा ओरबाडतो. सोन्याचा धनी पिठासाठी वखवखतो! बहात्तरच्या दुष्काळात मिलो ज्वारी खाऊन दिवस काढलेल्या मराठवाड्याला ही भूक समजावून सांगायला नको.

आणि विनायकाचा लोभही नको. पडकी गढी, जुना वाडा दिसला की हंड्याची कुजबुज सुरू होते, मागोमाग मांत्रिक येतो. नांदेडच्या शेजारी परभणी जिल्ह्यात, मानवतला, 1972 ते 1974 या काळात याच वेडापायी लहान मुली आणि बाया मारल्या गेल्या. तो सिनेमा नव्हता. 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुप्तधनासाठी अघोरी कृत्य करणे हा गुन्हा ठरवला आहे. शिक्षा सात वर्षांपर्यंत. जमिनीत खरेच काही जुने धन सापडले, तर ते 1878 च्या कायद्याप्रमाणे कलेक्टरला कळवावे लागते. त्यात मांत्रिकाचे काही काम नाही.

आपल्या वाडवडिलांनीही जमिनीत ठेव ठेवली होती. ती पेवातली ज्वारी. पेव उघडले की घर जगायचे, शेजारही जगायचा. त्यासाठी कुणाचा बळी द्यावा लागत नव्हता.

शेवटी विनायक मोहरांनी भरलेला तो लंगोट आपल्या पोरासमोर धरतो, आणि पोरगा तो घेत नाही. बापाने शिकवलेला लोभ पोराने नाकारला. घरात मुले हा सिनेमा पाहून घाबरली, तर भुताचे राहू द्या. एवढी एक गोष्ट त्यांना जरूर सांगा.